बांधावरची निळी

फुलपाखरं वाचवायला निघालेल्या माणसांच्या हाती शेवटी काय उरतं, असं मला कुणी विचारलं तर मी सांगेन, किस्से. फुलपाखरं कमी होत जातात आणि किस्से वाढत जातात. रविवारी आम्ही टपरीवर चहाला बसलो की शेजारची माणसं कान टवकारून ऐकतात. एक जण परवा म्हणाला, "तुमचं बरंय बुवा, संडेला मजा असते." असते ना. ऐका तर मग.

आमचा ग्रुप चार जणांचा. मी तावडे, लालबाग सोडून जेसल पार्कात आलेला, विमा कंपनीत क्लार्क. दीपाली नवघरच्या एका शाळेत सायन्स शिकवते. मेहताभाईंचं होजियरीचं दुकान आहे आणि गळ्यात हा एवढा कॅमेरा असायचा. चौथे पीटर अंकल, उत्तनचे. जन्मभर बोटीवर स्वयंपाक केला, आता घरामागे भाजी लावतात.

मुर्धा गावाच्या मागे एक बंद पडलेलं मिठागर आहे. त्याच्या मातीच्या बांधावर, गावाकडच्या उताराला, आंबुटी वाढते. आपण लहानपणी आंबट म्हणून जिची पानं चघळायचो, तीच. त्या आंबुटीवर एक फुलपाखरू अंडी घालतं. इंग्रजी नाव पेल ग्रास ब्लू, आम्ही नुसतं 'निळी' म्हणतो. अंगठ्याच्या नखाएवढा जीव. पंख मिटलेले असले की मळकट राखाडी, उघडले की निळी. आणि पंख उघडणार ते सकाळच्या कोवळ्या उन्हात, तेही बाईसाहेबांची मर्जी असेल तर.

*

निळी बघायची म्हणजे गुडघ्यांवर बसायचं, आपली सावली आंबुटीवर पडू द्यायची नाही आणि गप्प राहायचं. हा आमचा नियम. पहिल्याच हिवाळ्यात आम्ही चौघं असे ओणवे होऊन बसलेलो असताना गावातली एक म्हातारी तिथे थांबली. डोक्यावरची पाटी तिने खाली ठेवली आणि तीही आमच्याबरोबर गवतात शोधायला लागली. तिला वाटलं, दीपालीच्या कानातलं पडलंय.

बऱ्याच वेळाने तिने विचारलं, "काय हरवलंय गं बाय?"

"काही नाही आजी, फुलपाखरू बघतोय."

म्हातारीने कंबरेवर हात ठेवले. "हरवलं न्हाय तं शोधताव कशाला? हरवल्यावर शोधा की."

त्या दिवशी आम्ही पोट धरून हसलो. आता ते वाक्य आठवलं की मला हसू येत नाही.

*

पीटर अंकलना निळी कधी निळी दिसलीच नाही. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, सगळे रंग मळलेले. पण ती हललेली सगळ्यांत आधी त्यांनाच कळायची. "ती बघ, बसली," म्हणायचे, आणि पुढे, "पन राखेसारखीच हाय रे. निली निली करून तुमी मना बनवताव."

मेहताभाई त्यांना कॅमेऱ्यातला फोटो मोठा करून दाखवायचे. "बघा अंकल, एकदम मोरपंखी!"

"मोरपंखी नाही," दीपाली लगेच. "मोरपंखीत हिरवा असतो. ही फिकट निळी, जांभळ्याकडे झुकणारी, कडेला करडी." रंगाच्या बाबतीत दीपाली सख्ख्या भावाचंही ऐकायची नाही. तिच्यासमोर कुणी नुसतं 'निळं' म्हणालं तरी ती विचारायची, कुठलं निळं?

अंकल सगळं ऐकून घ्यायचे आणि म्हणायचे, "मना राखच."

डॉक्टर म्हणत होते, ऑपरेशन करा, रंग परत दिसतील. अंकल टाळत होते. आधी उपवासाचे दिवस होते, मग पुतणीचं लग्न, मग पाऊस, मग गावची जत्रा. खरं कारण भीती. बोटीवर वादळात डाळ शिजवणारा माणूस डोळ्याला हात लावू द्यायला तयार नव्हता. शेवटी दीपालीने त्यांच्याकडून कबूल करून घेतलं. ऑपरेशन झालं की पहिल्या रविवारी थेट बांधावर, आणि निळी दाखवायची जबाबदारी तिची. अंकल म्हणाले, "दाखवलीस तं खरी."

तिथपासून हा बांध आमच्यासाठी नुसता बांध राहिला नाही. अंकलच्या डोळ्यांची तारीख ठरेपर्यंत तो टिकायला हवा होता. एवढीच आमची मागणी होती, आणि बघा, तीसुद्धा जास्त झाली.

*

बांधाला लागूनच एक नवीन सोसायटी उभी राहिली. तिथे मुंग्या झाल्या. सेक्रेटरी खानोलकरांनी पेस्ट कंट्रोलवाला बोलावला आणि कंपाउंडच्या बाहेर, आमच्या आंबुटीपर्यंत, फवारा मारायचं ठरवलं.

दीपाली धावत गेली. तिने त्यांना नीट समजावून सांगितलं. निळीच्या अळीच्या अंगातून गोड रस येतो, तो चाटायला मुंग्या येतात, आणि त्या बदल्यात अळीची राखण करतात. मुंग्या मेल्या तर अळ्यांना कुणी वाली नाही.

खानोलकरांनी सगळं शांतपणे ऐकलं. माणूस सभ्य. मग म्हणाले, "मॅडम, मुंग्यांचा पगार चालू ठेवायचा असेल तर त्यांना तुमच्या फ्लॅटवर ड्युटी द्या ना."

तरी त्यांनी फवारा कंपाउंडच्या आत ठेवला. म्हणून आम्हाला वाटलं, हा माणूस आपला आहे. तिथेच फसलो.

*

आपला आहे म्हणून आम्ही खानोलकरांना बांधावर नेलं, गुडघ्यांवर बसवलं. त्यांच्या नशिबाने निळीने पंख उघडले. साहेब अक्षरशः विरघळले. "अरे, एवढी सुंदर गोष्ट आपल्या मागे आहे आणि मेंबरना पत्ताच नाही? मी यांच्यासाठी काहीतरी करणार. प्रॉमिस."

आणि केलं. जनरल बॉडीत ठराव पास करून घेतला, वर्गणी काढली, आणि महिन्याभरात बांधाच्या अर्ध्या उतारावर 'फुलपाखरू उद्यान' तयार. हिरवंगार लॉन. कुंड्यांत परदेशी झाडं, ज्यांच्याकडे आपली माशीसुद्धा बघणार नाही. मधोमध फायबरचं फुलपाखरू, माणसाच्या उंचीचं, पंखांमध्ये उभं राहून सेल्फी काढायची सोय. आणि आंबुटी? माळ्याने मुळासकट उपटली होती. तण माजलं होतं ना.

उद्घाटनाला आम्ही चौघं प्रमुख पाहुणे. शाल, श्रीफळ, गुच्छ. जिथे निळीची अंडी होती, बरोबर त्याच जागेवर खुर्च्या मांडलेल्या. दीपालीला दोन शब्द बोलायला सांगितलं. ती माइकसमोर गेली, फायबरच्या फुलपाखराकडे पाहिलं आणि म्हणाली, "हा रंग चुकलाय." आणि खाली येऊन बसली. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

खानोलकर मला बाजूला घेऊन म्हणाले, "मॅडम इमोशनल झाल्या का?" त्यांच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. अशा माणसावर रागावायचं कसं ते मला अजून कळलेलं नाही. वाईट माणसाशी भांडता येतं. चांगल्या माणसाने प्रेमाने वाटोळं केलं की नारळ घेऊन घरी यावं लागतं.

*

उरलेला अर्धा उतार तरी वाचावा म्हणून आम्ही पालिकेत अर्ज केला. खूप खेटे घातल्यावर एक साहेब पाहणीला आले. आम्ही सकाळी आठची वेळ मागितली होती, ते जेवून दुपारी आले. आभाळ भरून आलेलं. निळ्या होत्या, चांगल्या पाच-सहा होत्या, पण एकीने पंख उघडले असतील तर शपथ.

साहेब वाकले. "हे निळं आहे?"

"आतून निळं आहे साहेब."

"आतून काय, सगळेच असतात." ते सरळ झाले. "आणि ही काही दुर्मिळ नाही ना? मी वाचून आलोय. कॉमन आहे. सगळीकडे असते."

हे मात्र खरं होतं. निळी दुर्मिळ नाही, हेच तिचं दुर्दैव. वाघ असती तर चार माणसं रस्त्यावर आली असती. सगळीकडे असणाऱ्या जिवाला कुठेच जागा राखून ठेवत नाहीत.

दीपालीने विचारलं, "सगळीकडे म्हणजे नक्की कुठे, साहेब?"

साहेबांनी हात लांब करून दाखवलं. हाताच्या दिशेला एका टॉवरचा सांगाडा होता. त्यांनी हात थोडा डावीकडे फिरवला. तिथे दुसरा होता. मग त्यांनी हात खिशात घातला आणि रुमाल काढला.

*

मेहताभाईंचं स्वप्न होतं, आपला एक तरी फोटो मोठ्ठा छापून यावा. एक दिवस त्यांचा फोन आला. "तावडेभाई, एका मार्केटिंगवाल्या मुलीने माझा निळीचा फोटो मागितला. म्हणाली, नेचरच्या कामासाठी पाहिजे. मी लगेच दिला. पैसा बैसा काही नाही, फक्त खाली नाव टाका म्हटलं."

फोटो छापून आला. मुर्ध्याच्या रस्त्याला वळलं की समोरच होर्डिंग, तीन मजल्यांएवढं. नखाएवढी निळी बसपेक्षा मोठी झालेली. पायाचा प्रत्येक केस दिसत होता, काम मात्र झकास. खाली मोठ्या अक्षरांत, 'निसर्गाच्या कुशीत आलिशान टू बीएचके, बुकिंग सुरू.' जागा कुठली, तर मिठागर आणि आमचा बांध.

कोपऱ्यात अगदी बारीक अक्षरांत लिहिलं होतं, छायाचित्र मेहता.

मेहताभाई बराच वेळ मान वर करून उभे होते. मग म्हणाले, "नाम तो सही लिखा है." आणि त्यांनी कॅमेऱ्याचं झाकण लावलं. त्यानंतर मी त्यांच्या गळ्यात कॅमेरा पाहिलेला नाही.

*

आता शेवटचा.

होर्डिंग लागलं त्याच सुमारास अंकलनी एकदम ऑपरेशन करून टाकलं. कुणाला सांगितलं नाही, सांगितलं तर आपल्यालाच भीती वाटेल म्हणून. सध्या फक्त उजवा डोळा, डावा पुढे कधीतरी. पट्टी निघाल्यावर त्यांचा मला फोन आला. "तावडे, मना आमच्या दारातलं मडकं लाल दिसतंय रे. येवढी वरसं मी त्याला भुरं समजत व्हतो." आणि पुढे, "रविवारी येतो. दीपाली बायला सांग, आता तिची पाळी."

फोन ठेवला आणि मी लगेच दीपालीला आणि मेहताभाईंना टपरीवर बोलावलं. कारण त्याच आठवड्यात, उद्यान सोडून उरलेल्या बांधाला चारी बाजूंनी पत्रे लागले होते. आतून जेसीबीचा आवाज येत होता. आम्ही तिघं टपरीवर बसलो. मेहताभाई म्हणाले, उद्यानात नेऊ, निदान फायबरचं तरी दाखवू. दीपाली म्हणाली, शी. मी म्हटलं, तब्येतीचं कारण सांगून पुढे ढकलू. ठरलं काहीच नाही. खरं सांगायला कुणाचीच जीभ रेटेना.

रविवारी आम्ही पोचलो तेव्हा अंकल आधीच येऊन उभे होते. उत्तनहून पहिल्या बसने आलेले, इस्त्रीचा शर्ट, काळा चष्मा काढून हातात धरलेला. पत्र्यापासून वीतभर अंतरावर उभे. नवा कोरा पत्रा, निळा रंग मारलेला, ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत, सकाळचं कोवळं ऊन थेट त्याच्यावर. आत खडखड चालू होती.

आम्ही गपचूप त्यांच्या मागे जाऊन थांबलो. सवयीने आपली सावली पत्र्यावर पडणार नाही अशा बेताने.

अंकलनी मागे न बघताच विचारलं, "आतमधी व्हती ना ती?"

"हो," मी म्हटलं.

त्यांनी तळहाताने डावा डोळा झाकला. उजव्याने, नव्या डोळ्याने, पत्र्याकडे कितीतरी वेळ बघत राहिले. मग म्हणाले, "दीपाली बाय, निली अशीच असते?"

दीपाली पत्र्याकडे बघत होती.

"हो अंकल," ती म्हणाली. "अगदी अशीच."

अंकलनी मान हलवली. हात बदलून उजवा डोळा झाकला आणि डाव्याने, जुन्या डोळ्याने, पुन्हा पत्र्याकडे पाहिलं.

"हां, राखच," म्हणाले. "हीच ती. आता वलखली."