कुट्टीत गेलेली बोटं

हल्लीच्या पोरांच्या अपेक्षा फार, असं घोटावड्याच्या चौकात चहा पिणारी माणसं एकमेकांना रोज सांगत असतात. त्यांना कष्ट नकोत, धीर नको, सगळं आयतं हवं. सांगणाऱ्यांपैकी बहुतेकांनी जमिनी विकून टाकल्यात आणि दुपारपर्यंत त्यांना उठायचं काही कारण नसतं, पण ते राहू द्या. हृतिकच्या अपेक्षा काय होत्या ते सांगतो.

त्याला पर्मनंट व्हायचं होतं. बस्स. गाड्यांचे पत्र्याचे भाग ठोकणारी कंपनी होती, पिरंगुटच्या वाटेवर. तिथं पर्मनंट लोकांना निळा शर्ट, आणि खिशाच्या वर त्यांचं नाव शिवलेलं. ठेक्याच्या पोरांना करडा शर्ट, तोही आधी कुणीतरी घालून विटवलेला. कॅन्टीनमधली आमटी सगळ्यांना एकच, पण ठेक्याच्या पोरांनी ती पर्मनंट लोक हात धुऊन उठल्यावर खायची. दिवाळीला त्यांना मिठाई आणि भेटवस्तू, ह्यांना नुसतीच मिठाई. हृतिकला निळा शर्ट हवा होता, आणि आमटी गरम असताना जेवायला बसायचं होतं. एवढ्यावर जर कुणी 'अपेक्षा फार' म्हणत असेल तर त्या माणसाशी मला बोलायचंच नाही.

हृतिक धनगराचा पोरगा. गावाच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या पायथ्याशी त्यांची वस्ती. बाप गेणू मेंढरं घेऊन आठआठ दिवस ताम्हिणीच्या बाजूला जायचा, आई सुंदरा घरची शेरडं आणि दोन म्हशी बघायची. पोरगं चालायला लागलं तेव्हाच सुंदरानं सांगून टाकलं होतं, "ह्याच्या हातात म्या काठी देणार न्हाई." गेणूनं हसून मान डोलावली होती. पुढं हृतिक आयटीआय झाला, कंपनीत लागला, तेव्हा तिनं सगळ्या वस्तीला गूळ वाटला. पर्मनंट म्हणजे काय ते तिला नीटसं माहीत नव्हतं. पण माझा पोरगा पर्मनंट होणार हाय, असं ती बोलायची तेव्हा तिचा आवाज बदलायचा.

आता ही कंपनीची एक रीत बघा. सहा-सात महिने होत आले की ठेकेदाराचा माणूस यायचा आणि पोराचा गेटपास काढून घ्यायचा. याला ब्रेक म्हणतात. सलग काम झालं तर पोरगं उद्या हक्क सांगेल ना, म्हणून मध्येच तोडायचं. थोडे दिवस घरी बसवायचं आणि मग दुसऱ्याच ठेकेदाराच्या नावावर पुन्हा त्याच मशीनवर उभं करायचं. पोरगं तेच, मशीन तेच, आणि कागदावर दर वेळी नवीन भरती. ब्रेक मिळाला की हृतिक बापाबरोबर मेंढरांमागं जायचा. गेणू एकदा म्हणाला होता, "आपल्यात एक बरं हाय. मेंढरू कुणाला बिरेक देत न्हाई." दोघं हसले होते, पण हृतिकला रात्री ते हसणं आठवून वाईट वाटलं होतं.

यंदा मात्र सुपरवायझर दिग्विजय साहेबांनी त्याला बाजूला घेतलं. "हृतिक, पर्मनंटसाठी तुझं नाव दिलंय मी वर. आता फक्त प्रॉडक्शन पडू देऊ नकोस." दिग्विजय कोल्हापूरकडचा, महाळुंग्याच्या नव्या टॉवरमध्ये भाड्यानं राहायचा, वयानं हृतिकपेक्षा थोडाच मोठा. माणूस वाईट नव्हता, हे मी मुद्दाम सांगतो. त्याच्या डोक्यावरही कुणीतरी बसलेलं होतंच.

हृतिक जिथं उभा राहायचा त्या प्रेसला दोन बटनं. दोन्ही हातांनी दोन्ही बटनं दाबली तरच वरचा दट्ट्या खाली यायचा, म्हणजे हात आत राहायची सोयच नाही. सोय चांगली, पण तशानं टार्गेट होत नाही. म्हणून सगळी पोरं एक बटन चिकटपट्टीनं दाबून ठेवायची. एका हातानं पत्रा सरकवायचा, दुसऱ्या हातानं उरलेलं बटन. माल झरझर निघायचा. साहेब लोक येता-जाता ती चिकटपट्टी बघायचे आणि माल किती निघाला ते विचारायचे. बाहेरचं कुणी तपासायला आलं की तेवढ्यापुरती ती काढायची, हेही पोरांना कुणी शिकवावं लागलं नव्हतं.

ते एका दुपारी झालं. जेवणानंतरची वेळ, पत्रा जरा तिरका बसला म्हणून हृतिकनं उजव्या हातानं सरळ केला, आणि सवयीनं डावा हात बटनावर पडला. उजव्या हाताची दोन बोटं गेली.

दिग्विजयनं त्याला स्वतःच्या गाडीत घातलं. टॉवेलात हात गुंडाळलेला, सीटवर रक्त सांडलेलं. गाडी चालवता चालवता दिग्विजय रडवेल्या आवाजात बोलत होता. "हृतिक, ऐक माझं. कंपनीत झालं म्हटलं की चौकशी लागणार. टेप कुणी लावली विचारणार, आणि लावली तूच. मग तुझं नाव गेलंच समज. माझीही नोकरी जाईल. बाहेर झालं म्हणून सांग. मी आहे ना, पर्मनंटचं मी बघतो."

आणि मग हृतिकनं जे केलं ते त्याला आयुष्यभर खात राहणार आहे. त्यानं स्वतःच तोड काढली. दुखण्यानं डोळ्यांपुढं अंधारी येत होती, तरी त्याला सुचलं. म्हणाला, "साहेब, घरी कडबाकुट्टी हाय. कुट्टीत गेली म्हणतो." दिग्विजयनं त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. त्या क्षणी हृतिकला बरंसुद्धा वाटलं, आपण हुशारी केली असं वाटलं.

दवाखान्यात कुट्टीचं ऐकून डॉक्टरांनी विचारलं, "बटनावर कोण होतं?" बाप मेंढरं घेऊन ताम्हिणीला गेलेला, हे साऱ्या गावाला ठाऊक. तेव्हा तोंडातून निघून गेलं, "आई हुती."

खरं तर सुंदराला त्या कुट्टीची भयंकर भीती. हृतिकनंच पगारातून ते वैरण कापायचं यंत्र म्हशींसाठी आणलं होतं, पण तिनं त्याचं बटन कधी दाबलं नव्हतं. गेणू घरी नसला तर ती कोयत्यानं वैरण तोडायची. त्या दुपारी तर ती एकटीच शेरडांमागं डोंगरावर होती. संध्याकाळी दवाखान्यात आली, पोराचा हात बघून खाटेजवळ बसली. हृतिकनं तिच्या कानाशी तोंड नेऊन सगळं सांगितलं. ती त्याचं पांघरूण नीट करत राहिली. मग म्हणाली, "असं बोललं तर तुला काढत न्हाईत न्हवं?"

"न्हाई. उलटं पर्मनंट करत्यात."

"मंग माझ्याच हातून झालं," ती म्हणाली आणि पदरानं तोंड पुसलं. गेणू परतला तेव्हा त्यालाही तिनं हेच सांगितलं. नवऱ्याशीसुद्धा ती खरं बोलली नाही, कारण गेणूच्या पोटात काही राहत नाही हे तिला ठाऊक होतं.

आता कुणाचं काही दुखलं-खुपलं की आपल्याकडं सगळे भेटायला येतात. येणाऱ्या प्रत्येकाला पहिल्यापासून ऐकायचं असतं. वरची वस्ती आली, खालचं गाव आलं, गेणूच्या सोयऱ्यांची गाडी भरून आली. आणि दर वेळी सुंदरानं सांगायचं. पहिल्यांदा ती खाली मान घालून एवढंच म्हणाली, "माझं ध्यान न्हवतं." पण बायका एवढ्यावर थांबतात होय? ध्यान कुठं होतं? मग तिनं सांगितलं, शेरडाचं पिल्लू मध्येच आलं म्हणून मी वळले. मग ते पिल्लू काळं झालं. मग हृतिक 'आई, थांब' म्हणाला होता असंही आलं. हृतिक खाटेवर पडून ऐकायचा आणि मनात म्हणायचा, आई किती बेमालूम सांगते! तिचं त्याला कौतुक वाटायचं. एवढा हुशार पोरगा, पण समोर काय चाललंय ते त्याला दिसलं नाही.

हृतिकची चुलती शारदा, तिनं सुंदराजवळ आपलं तान्हं नातवंड द्यायचं बंद केलं. तोंडानं काही बोलली नाही, सुंदरा हात पुढं करायची आणि शारदा पोराला दुसऱ्या खांद्यावर घ्यायची. बिरोबाच्या नैवेद्याच्या पोळ्या लग्न होऊन आल्यापासून सुंदरानं लाटल्या होत्या. यंदा शारदा म्हणाली, "तू ऱ्हाऊ दे सुंदरा, तू पोराकडं बघ." सुंदरा चुलीपासून लांब, उंबऱ्याच्या बाहेर बसून राहिली. दूध काढताना ती मध्येच थांबून स्वतःच्या हातांकडं बघत बसायची. कधी भाकरी थापता थापता थांबून ती एकटीच म्हणायची, "म्या मागं बघाय नगं हुतं." हृतिकनं एकदा ते ऐकलं आणि हसून म्हणाला, "आता कोण न्हाई हितं, आई. आता कशाला?" ती पुन्हा भाकरी थापायला लागली.

जखम भरली. हृतिक कंपनीत गेला. पर्मनंट होण्याआधी कंपनीच्या डॉक्टरांकडून तपासणी असते, हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. डॉक्टरांनी हात बघितला, उघडमीट करायला लावली, आणि प्रेसवर काम करायला नालायक असं ठरवलं. ऑफिसातल्या बाई मऊ आवाजात म्हणाल्या, "घरगुती अपघात आहे ना तुमचा, त्याला कंपनी काय करणार?" गेटपास काढून घेतला. या वेळी ब्रेक हा शब्दसुद्धा कुणी वापरला नाही. दिग्विजय तोवर नोकरी बदलून चाकणला गेला होता. हृतिकनं फोन केला तर म्हणाला, "मी मनापासून बोललो होतो रे." दिग्विजयनंच फोन ठेवला.

पौडला सुनीतीताई म्हणून एक बाई कामगारांची भांडणं लढतात. हृतिक त्यांच्याकडं गेला आणि पहिल्यांदाच कुणापुढं तरी सगळं खरं बोलला. ताईंनी ऐकून घेतलं. चिकटपट्टी लावणारी बरोबरची पोरं ब्रेक मिळून कुठच्या कुठं पांगली होती, कुणी बिहारला, कुणी नांदेडकडं. "आता सगळं तुझ्या आईवर आहे," ताई म्हणाल्या. "आपण खोटं बोललो, हे त्यांनी उघड सांगितलं तर आपण भांडू शकतो. कंपनीला तुला कामावर घ्यावं लागेल, तुला जमेल असं दुसरं काम द्यावं लागेल. मी घरी येते."

त्या आल्या त्या दिवशी हृतिकनं मुद्दाम सगळ्यांना बोलावलं. गेणू होता, शारदा होती, शेजारपाजार होता. आईच्या माथ्यावरचं सगळं आज उतरवायचं, असं त्यानं ठरवलं होतं. तो उभा राहिला आणि म्हणाला, "ऐका सगळी. माझी बोटं कुट्टीत गेली न्हाईत. कंपनीत गेली. आईनं कुट्टीला हातबी लावला न्हवता. माझ्या नोकरीपायी ती खोटं बोलली, आन म्याच तिला बोलाय लावलं."

शारदानं तोंडाला पदर लावला. गेणू बायकोकडं बघत राहिला. सुनीतीताई पुढं सरकल्या, सुंदराच्या शेजारी बसल्या. "मावशी, हा खरं सांगतोय ना? एकदा म्हणा, म्हणजे झालं."

सुंदरानं पोराकडं बघितलं. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि चेहऱ्यावर विलक्षण माया होती. "ताई, लई गुणाचं हाय माझं लेकरू," ती म्हणाली. "मला सोडवाय बघतंय. पर मला ठावं हाय की. म्या दाबलं बटन. मला समदं दिसतंय अजून."

"आई!" हृतिक ओरडला. "आई, तू डोंगरावर हुतीस! शेरडं घिऊन गेली हुतीस!"

"व्हय, व्हय," ती त्याला समजावत म्हणाली, लहान मुलाला समजावतात तसं. "तू वरडलास न्हवं, आई थांब म्हून. त्यो आवाज जात न्हाई माझ्या कानातनं."

हृतिक तिच्यापुढं बसला. तिचे दोन्ही खांदे धरून त्यानं पुन्हा सांगितलं, प्रेसचं सांगितलं, चिकटपट्टीचं सांगितलं, दिग्विजय साहेबाच्या गाडीचं सांगितलं. ती प्रत्येक वाक्याला मान डोलावत होती आणि एकाही वाक्यावर तिचा विश्वास बसत नव्हता. सुनीतीताई थोडा वेळ थांबल्या. मग उठल्या, हृतिकच्या पाठीवरून हात फिरवला आणि उताराला लागल्या. आता नोकरी नाही, हे त्याला त्यांच्या पाठमोऱ्या चालण्यावरून कळलं. पण त्या घटकेला त्याला नोकरीचं काही वाटत नव्हतं.

सुंदरानं त्याचा तो हात आपल्या मांडीवर ओढून घेतला. बोटं नव्हती तिथून ती अंगठा फिरवत राहिली. "एवढं समद्यांनी इचारलं," ती हळूच म्हणाली, "पर तू एकदाबी माझ्यावर रागं भरला न्हाईस. मला लई भ्या वाटतंय त्येचं. तू मला माफ केलंस का न्हाई, ते एकदा सांग."

हृतिकनं बापाकडं बघितलं. गेणूनं मान फिरवली. मग आईचे हात आपल्या हातात घेऊन तो म्हणाला, "केलं, आई. तू काय मुद्दाम न्हाई केलंस."