रेवाच्या हायकूची मधली ओळ

मंडळी, आज दुपारी मी एका कवितेचा खोटा अनुवाद केला. तेव्हापासून जीव थाऱ्यावर नाही.

माझी मुलगी रेवा इथे हायडेलबर्गमध्ये चौथीत आहे. शाळेत त्यांना हायकू शिकवतायत. तीन ओळींची जपानी कविता, त्यात ऋतू दिसायला हवा. सांगलीला माझे सासरे, म्हणजे बाबा, कित्येक वर्षं मराठीत हायकू लिहितात. नातीने हायकू लिहिला म्हटल्यावर त्यांना कोण आनंद! व्हिडिओ कॉलवर तिने तो जर्मनमध्ये वाचला. बाबा मला म्हणाले, "अगं, आता मराठीत सांग."

हायकू असा होता:

आजोबा बोलतात.
मी नुसती मान हलवते, हसते.
बाहेर बर्फ पडतोय.

रेवा उत्तर जर्मनमध्ये देते, पण मराठी तिला सगळं कळतं, असं मी आजवर सगळ्यांना छातीठोकपणे सांगत आले. मी बाबांना म्हटलं, "आजोबा बोलतात. मी सगळं ऐकते. बाहेर बर्फ पडतोय."

ते म्हणाले, "शेवटची ओळ सुंदर आहे. मधली मात्र सपाट झालीय गं. हायकूत काहीतरी हलताना दिसायला हवं."

मग पंधरा मिनिटं ते जीव ओतून रेवाला समजावत राहिले. मी शेजारी नुसती बसून होते.

रेवा मान हलवत होती, हसत होती.

खरी ओळ बाबांना नक्की आवडली असती हो. पण ती त्यांना सांगू कशी?