सिंथेसायझरवर विलासदादा

"लग्न झालं का?" हा प्रश्न विलासदादाला विचारायची सुरुवातीला कुणाला भीती वाटत नसे. आमच्या ऑर्केस्ट्रात तो सिंथेसायझर वाजवायचा, मी गायचे. कार्यक्रमानंतर पंगतीत एखादे यजमान आपुलकीनं विचारत, आणि तो पोळी मोडता मोडता सांगे, "बाईशी लगीन करनार न्हाई मी. माझा माणूस हाय, दत्ता. एमआयडीसीत रोलिंग मिलला जातो. सात वर्सं झाली, एकत्रच राहून राह्यलोत." यजमान पुढच्या पानाकडं सरकायचे. दादा वरण मागायचा.

"कशाला सांगतोस?" मी एकदा चिडून म्हटलं.

"शोभा, तुला सूर लपवून गाता येतं का? मंग मला कामून सांगती?"

मस्तगड भागात दोघांची एक खोली होती. दत्ता पाळीवरून आला की उंबऱ्यात बसून ऐकायचा. मिलमधला आवाज दादा पट्ट्यांवर शोधत असायचा. "असा न्हाई," दत्ता म्हणायचा, "सळई लांबती तसा आवाज बी लांबतो." अशा बिनशब्दांच्या चाली दादा दोन गाण्यांच्या मधे हळूच घुसवायचा. त्यांवर लोक नाचायचे. चाल कुणाची, हे कुणी विचारलं नाही.

पण दादाचं बोलणं पसरलं आणि गावोगावच्या कार्यक्रमांच्या सुपाऱ्या रद्द होऊ लागल्या. ऑर्केस्ट्राचे मालक त्याला म्हणाले, "चेष्टा केल्ती, एवढं म्हण. बाकी मी सांभाळतो."

"बिलकुल न्हाई," दादा म्हणाला, आणि वाद्य खांद्याला लावून निघाला. मी त्याच संध्याकाळी दुसऱ्या वादकाबरोबर गायले.

वर्षभरानं मिलमध्ये तापलेली सळई दत्ताच्या अंगावर आली. प्रेत भावांनी भोकरदनकडच्या गावी नेलं. दादाबरोबर मी एसटीनं गेले. स्मशानाच्या वाटेवर थोरल्या भावानं त्याला अडवलं.

"तू कोन लागतो त्याचा?"

दादाचं उत्तर मला पाठ होतं. दत्ताच्या आईकडं एकदा बघून तो म्हणाला, "दोस्त."

"मंग तिकडं मागं उभा ऱ्हाय."

तो मागं उभा राहिला. परतताना स्टँडवर म्हणाला, "जिंदगीत एकच दिवस खोटं बोललो, शोभा. अन् तो बी कोनता दिवस!"

त्यानंतर त्यानं सिंथेसायझर उघडला नाही. मी डबा घेऊन जायचे, वाजव म्हणायचे. "बोटं हायत की," तो म्हणायचा, "ऐकनारा न्हाई." तीन वर्षांनी काविळीनं गेला. राजूरहून त्याचे भाऊ आले. पेपरातल्या निधनवार्तेत त्यांनी लिहिलं, 'ते अविवाहित होते.' बस्स. वाजवायचा, हेसुद्धा नाही.

त्याच्या चालींपैकी चारच मला आठवतात. स्वयंपाक करताना त्या ओठांवर येतात. "कुठलं गं हे?" सून विचारते.

"असंच," मी म्हणते.