शिंगाडे सोलेपर्यंत

मिरज स्टेशनात गाडीच्या डब्यावर ‘गोंदिया’ ही पाटी मी लहानपणापासून बघत आलो. तिथं कोण राहतं, काय खातं, कधी मनात आलं नव्हतं. या दिवाळीनंतर ठेकेदारानं विचारलं, “गोंदियाजवळ कुडव्याला एका घराची फरशी बसवायची आहे, कोण जातंय?” सगळ्यांच्या आधी मी हात वर केला. आमच्या स्टेशनातून त्याहून लांबची गाडी मला माहीत नव्हती.

कारण सांगतो. दत्ता लोकांसाठी माझा मित्र, माझ्यासाठी त्याहून जास्त. त्याच्या तपासणीत एचआयव्ही निघाला. “लेका, तूपण तपासून घे,” असं तो रोज फोनवर सांगायचा. पण आमच्या दवाखान्यात रक्त घेतो तो माझा सख्खा चुलतभाऊ. तिथं कुठल्या तोंडानं जाऊ? महिनाभर मी दत्ताला भेटायचंसुद्धा टाळलं. शेवटी त्यानंच त्याच्या समुपदेशकाकडून गोंदियात तपासणी करणाऱ्या एका माणसाचा नंबर मिळवून दिला.

एक रात्र आणि जवळजवळ अख्खा दिवस गाडीत गेला. नागपूर मागं पडल्यावर ऊस कुठंच नाही. कापणीला आलेलं धान (भात) आणि थोड्या थोड्या अंतरावर तलाव. गोंदियात उतरलो तर चहावाला हिंदीत, हमाल हिंदीत. रिक्षावाल्याला विचारलं, “हे महाराष्ट्रातच आहे ना?”

“मराठी बी येते ना बावा. पहले बैठ त जा!”

रविवारी काम बंद होतं. दत्तानं नंबर दिला होता ते भोजराजभाऊ (नाव बदललं आहे) मोटारसायकलवर न्यायला आले. चाळिशी उलटलेले, धानाचे शेतकरी. एका संस्थेतर्फे ते पुरुषांवर प्रेम करणाऱ्या आमच्यासारख्यांची तपासणी करतात. कुणाच्या घरी, कुणाच्या दुकानात, ज्याला जिथं बरं वाटेल तिथं. माझ्यासाठी त्यांनी मुर्री गावाच्या पुढची आपली शेतातली झोपडी निवडली होती. “इथं बगळेच पाहातेत,” ते म्हणाले.

बसल्या बसल्या त्यांनी खिशातून गोळ्यांची डबी काढली. “मी बी पॉझिटिव्ह आहो. रोज गोळी खातो अन् धान लावतो. आता विचार, काय विचाराचं ते.”

मी आठवीत शाळा सोडलेला माणूस. माझ्याशी इतकं सरळ आजवर कुणी बोललं नव्हतं. मी विचारलं, “दत्ताच्या ताटात जेवलो तर?”

“ताटातून काही लागत नाही. नेमानं गोळी खाऊन रिपोर्टात विषाणू दिसनं बंद झालं, अन् तसंच राहिलं, त संबंधातून बी लागत नाही. तवर कंडोम.” पुढं त्यांनी बरंच समजावलं. पण भीतीनं माझ्या डोक्यात काही शिरत नव्हतं.

बोट टोचलं, थेंब पट्टीवर पडला. आता भोजराजभाऊंची पद्धत. पट्टीवर ताटली पालथी घालायची आणि माणसापुढं उकडलेले शिंगाडे ठेवायचे. इथल्या तलावांत होतात ते. काळी साल, बाजूला काटे. “सोलत राह्य. वीस मिनिटं हाताले काम पाहिजे, नाही त डोकं काम करते.”

मधेच त्यांना फोन आला, ते बाहेर गेले. मी ताटली उचलली. लाल रेघ! आमच्या धंद्यात फरशीवर लाल रेघ म्हणजे इथून कापायची. मी उठलो तो धुऱ्यावरून (शेताच्या बांधावरून) अनवाणी पळत सुटलो. समोर बोडी (लहान तलाव) आली तेव्हा थांबलो.

मागून भोजराजभाऊ धापा टाकत आले. “अरे बावा, पळून काऊन (का) राहिला?”

“रेघ आली, भाऊ.”

“किती?”

“एक.”

ते मटकन खाली बसले. “एक त येतेच! पट्टी चांगली आहे म्हून येते. दोन आल्या त मंग दवाखान्यात पक्की तपासणी. दोनदा सांगलो तुले! गोळीनं वाचलो अन् आता तुह्या मागं धावून मरतो.” मग गंभीर झाले. “पण वेळ व्हाची आहे अजून. दुसरी येऊ शकते. चाल.”

उरलेले शिंगाडे आम्ही दोघांनी मिळून सोलले. वेळ झाल्यावर त्यांनीच ताटली उचलली. एकच रेघ.

मला रडू आवरेना. त्यांनी रडू दिलं. “लागन ताजी असली त लवकर दिसत नाही. तीन महिन्यानं पुन्हा तपास,” म्हणाले. मग हळूच, “तो दत्ता एकटाच आहे का तिकडं?”

“मीच जात नाही त्याच्याकडं,” मी म्हणालो.

पंधरा दिवसांत काम संपलं. निघताना त्यांनी शिंगाड्यांची पिशवी हातात दिली. “सोलाले दोघं असले त बरं राह्यते.” त्या माणसाचे उपकार मी कसे फेडू?

मिरजेला उतरलो तेव्हा फलाटावर दत्ता लांब खांबापाशी उभा होता. जवळ येत नव्हता; ती सवय मीच लावली होती. मी चालत गेलो, त्याला बाकावर बसवलं, पिशवी उघडली.

“हे काय रे? काटे आहेत की!”

“बोटं जपून. मी दाखवतो.”

तिसरा शिंगाडा सोलताना त्याच्या मोबाईलचा गजर वाजला. त्यानं इकडंतिकडं बघितलं, खिशात हात घातला आणि तसाच थांबला. मी माझी पाण्याची बाटली उघडून त्याच्यापुढं धरली. त्यानं गोळी घेतली. मग त्याच बाटलीतून मीही प्यालो.

तीन महिन्यांनी मला पुन्हा गोंदियाला जायचं आहे. तिकिटं दोन काढणार आहे.