राणीबाहीवाल्या मावशी

मावशी आधी दंड बघायच्या, मग तोंड. धायरीत आमच्या गल्लीच्या तोंडाशी त्यांचं ब्लाउज शिवायचं दुकान होतं. दुकान म्हणजे एक शटर, एक मशीन आणि त्या. बाई आत आली की मान वर न करता म्हणायच्या, "हात पुढं कर." मापं कधी लिहून घेतली नाहीत, सगळ्या गल्लीचे दंड त्यांच्या डोक्यात होते. माझा साडेदहा इंच.

राणीबाहीवाल्या हे नाव पडलं ते एका लग्नामुळं. माझ्या लग्नाच्या आदल्या वर्षी कुठल्यातरी बाहेरदेशच्या राजाच्या मुलाचं लग्न झालं, जो तो मोबाइलवर तेच बघत होता, घोडागाडी काय, फुलं काय, आणि ती नवरी पांढऱ्याशुभ्र झग्यात, मनगटापर्यंत जाळीची बाही आणि मनगटावर बारीक बारीक सात गुंड्या. मावशींनी तो व्हिडिओ थांबवून थांबवून बघितला आणि चार दिवसांत तश्शी बाही ब्लाउजला लावून दाखवली. शेजारच्या वहिनी वर्ध्याकडच्या, त्या म्हणाल्या, "अहो पण लग्नात नवरीला पांढरं कसं घालतात ही माणसं?"

"आमच्यात पांढरंच घालतात," मावशी म्हणाल्या. "राजाला आत्ता कळलं."

मग काय, पुढं वर्षभर विहारात जेवढी लग्नं लागली तेवढ्या पोरी पांढऱ्या साडीवर राणीबाही घालून उभ्या. मीपण, सासर ह्याच गल्लीतलं. गुंड्या लावायला मी इतका वेळ घेतला की मावशीच म्हणाल्या, "सोड, मी लावते, नाहीतर भंतेजींचं मंगल परित्राण म्हणून संपेल तरी तू इथंच."

आणि माझ्या लग्नानंतर दीड वर्षात बातमी आली की त्या राजाराणीचा घटस्फोट होणार. माझी पोरगी तेव्हा पाच महिन्यांची होती. दोघांनी मिळून पत्रक काढलं म्हणे, आम्ही वेगळं व्हायचं ठरवलंय. इकडं आमच्या गल्लीत लगेच चार जणी ब्लाउज घेऊन दुकानात हजर, की मावशी ह्या बाह्या आखूड करून द्या, अपशकुनी निघाल्या.

"कात्री तुमच्या घरी नाही का?" मावशी म्हणाल्या. एकीचीही बाही कापली नाही.

पण त्या चौघी गेल्यावर मावशी परत फोन उघडून बसल्या. मला म्हणाल्या, "मला वाटलेलं टिकेल गं. पोरगं तसं वाईट नव्हतं, फक्त आईपुढं तोंड उघडायचं नाही." जसं काही ते पोरगं धायरीतच राहायचं. मग म्हणाल्या, "पण ती सांगून निघाली बघ. समोरच्या दारानं, लेकरू घेऊन. तिला राजवाडा सोडवला, आणि आपल्याला दहा बाय दहाची खोली सोडवत नाही." मी हसले. माझा खांदा तेव्हाही दुखत होता, पण ते मी कुणाला सांगितलं नव्हतं, आईलासुद्धा नाही.

पुढं चौदा एप्रिलच्या जयंतीला नवीन ब्लाउज हवा म्हणून गेले. सासूच म्हणाली होती शिवून घे. मावशींनी उजव्या दंडाला टेप गुंडाळला आणि थांबल्या.

"साडेदहा होता. आज सव्वाअकरा?"

"खाणं वाढलंय मावशी."

"खाऊन दोन्ही दंड वाढतात. दुसरा पुढं कर."

दुसरा साडेदहाच होता.

त्यांनी उठून शटर अर्धं खाली ओढलं, मग मात्र सगळं एकदम बाहेर आलं, हे कधीपासून मारतात, कशाकशावरून मारतात, भाजीत मीठ, पोरगी रडली, फोन का उचलला, सगळं. मी म्हटलं मावशी मला भीती वाटते, सातवी शिकलेली मी, पोरगी कडेवर, जाऊ कुठं? त्या म्हणाल्या, "मलापण वाटायची. सत्तावीस वर्षं नांदले. कुणी पदक दिलं का?" आणि मग म्हणाल्या, "भीती गेली की जाते म्हणशील तर म्हातारी होशील. घाबरत घाबरत जा, पण जा."

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊ वाजता, हे कामावर गेल्यावर, मी सासूला सांगितलं की मी चाललेय, आणि पोरगी घेऊन कात्रजला आईकडं आले, माझ्या लग्नानंतर ती धायरी सोडून तिकडं राहायला गेली होती. मावशींनी मला हुक लावायला दुकानात बसवून घेतलं. तिसऱ्याच दिवशी सासू नणंदेला घेऊन तिथं आली, मी मशीनमागं सरकले.

"तुमच्या त्या बाहीनं माझ्या पोराचं घर मोडलं!"

मावशींनी मशीनवरचा पाय थांबवला नाही. "बाही मी शिवली. तिच्यात हात हिचा होता. हिच्यावर उठलेला हात तुमच्या घरचा." नणंद काहीतरी बोलायला लागली, तर म्हणाल्या, "तुझा दंड बारा आहे. ब्लाउज शिवायचा असेल तर बस, नाहीतर उजेड सोड."

मग मी घटस्फोटाचा अर्ज केला. कोर्टाच्या पहिल्या तारखेला मावशी माझ्याबरोबर आल्या, दुकान बंद ठेवून. दुसऱ्या तारखेला आठ दिवस राहिले होते आणि त्या मशीनवर बसल्या बसल्याच गेल्या. मी पोचले तेव्हा सुईखाली कुणाचातरी ब्लाउज तसाच अर्धवट होता. मला वाटलं संपलं आता, मी काही एकटी जात नाही.

आई म्हणाली पुढची तारीख मागून घे. नाही घेतली. पोरगी कडेवर घेतली, कात्रजहून स्वारगेट, तिथून दुसरी बस, शिवाजीनगरला कोर्टापाशी उतरले. आत समेट घडवणाऱ्या मॅडमनी बसवलं. समोर हे आणि सासू. पोरगी माझ्या खांद्यावर झोपली होती. मॅडम म्हणाल्या, मुलगी लहान आहे, एकदा परत नांदून बघायचंय का?

मी नाही म्हटलं. आवाज इतका बारीक आला की त्यांनी परत विचारलं. ह्यांनी माझ्याकडं बघितलं, तसंच, घरी बघायचे तसं.

मी परत म्हटलं, "नाही." पोरगी दचकून उठली.