आधी कान, मंग अंगठा

"आधी कान दे माय, मंग अंगठा."

गोंदियाच्या रजिस्ट्री कचेरीसमोरच्या कडुनिंबाखाली हे वाक्य मी अकरा वर्षं ऐकलं. खेड्यातून आलेला माणूस सतरंजीवर टेकला की लगेच अंगठा पुढे करी. कचेरी म्हणजे अंगठा, एवढंच त्याला ठाऊक. दस्त लिहून देणारे मुन्शीजी तो अंगठा मुठीत धरून ठेवत. दुसऱ्या हातात दस्त घेऊन तो अथपासून इतिपर्यंत सांगत, तोही कागदावरच्या भाषेत नव्हे, समोरच्याच्या बोलीत. ऐकणाऱ्याने तो आपल्या शब्दांत परत सांगितला की मूठ सुटे.

दस्त लिहिणारे तुम्हीही पाहिले असतील. पुष्कळसे चांगले असतात, पण घाईत असतात. मुन्शीजींना घाई नव्हती.

मी आत नक्कलनवीस होतो. नोंदवलेला प्रत्येक दस्त जाड वहीत उतरवून घ्यायचा, हे माझं काम. त्यांचा कागद आला की माझाही हात जपून चाले. शेताच्या चतुःसीमा लिहिताना ते बांधावरचं मोहाचं झाडसुद्धा नमूद करीत. मी एकदा हसलो, तर म्हणाले, "बांध सरकते, बाबू. मोह सरकत नाही."

अठ्ठावन्न साली दानावर कर बसला. दोन वर्षांपूर्वीच आमचा मुलूख मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आला होता. नियम बदलत होते, त्यात ही भर. बाजारात बोलवा उठली की पोरीला शेत बक्षीस दिलं तर अर्धं सरकार नेणार. लोक घाबरले. बक्षीसपत्राऐवजी खोटं विक्रीपत्र करून घ्यायला गावोगावचे लोक येऊ लागले.

मुन्शीजींना इंग्रजी येत नव्हतं. तो कायदा घेऊन ते तीन रविवार माझ्या घरी आले. मी एकेक कलम वाचायचं, मराठीत सांगायचं. ते डोळे मिटून ऐकत आणि विचारत, "हे माह्या मायले समजन काय?" त्यांची आई जाऊन वीस वर्षं झाली होती. तिला समजेल असं होईपर्यंत पुढचं कलम नाही. मी एवढी पुस्तकं वाचलेला माणूस, पण वाचलेलं आपल्याला कळलं आहे की नाही, हे तपासायला मी त्या तीन रविवारी शिकलो.

त्याच हंगामात कामठ्याची एक म्हातारी पुतण्याबरोबर आली. पुतण्याने सारं ठरवून आणलं होतं. काकूची दोन एकर धानाची जमीन त्याच्या नावावर विकत घेतल्याचा कागद करायचा. पुढे ती जमीन तो काकूच्या मुलीला देणार. मुन्शीजींनी त्याने सांगितल्याप्रमाणे कागद लिहिला, म्हातारीचा अंगठा मुठीत धरला आणि वाचला.

"माय, इथं लिवलं आहे का शेताचे पैसे तुले भेटले, आन् आता शेत याचं. भेटले काय?"

"कायचे पैसे? मी तं पोरीले शेत देऊन राहिली."

"पोरीचं नाव यात कुठीच नाही."

म्हातारीने पुतण्याकडे पाहिलं. तो म्हणाला, "काकू, बक्षीस केलं तं सरकार शेताच्या अर्ध्या बांध्या नेईन. म्हणून तं मी…"

"कोनत्या बांध्या नेईन?" मुन्शीजींनी शांतपणे विचारलं. "वरच्या का खालच्या? खालच्यात पानी आहे, सायबाचे जोडे भिजतीन."

आजूबाजूचे हसले. पुतण्या चिडला. "तुमचं काम लिवाचं आहे मुन्शीजी, शिकवाचं नाही."

"लिवलेलं आयकवनं बी माहंच काम आहे." मग त्यांनी कचेरीतल्या माझ्या खिडकीकडे पाहिलं. "बाबू, जरा बाहेर येता काय?"

मी भित्रा माणूस. पुतण्याची आमच्या साहेबांकडे ऊठबस होती, हे मला माहीत होतं. पण त्या मुठीतला सुरकुतलेला अंगठा दिसला आणि मी उठलो. लहान दानाला हा कर लागत नाही, दोन एकर धान त्या मर्यादेच्या कितीतरी खाली आहे, हे कलम मी कडुनिंबाखाली उभं राहून वाचलं. मुन्शीजींनी ते म्हातारीला तिच्या बोलीत सांगितलं.

"आता तू सांग, माय."

ती म्हणाली, "एवढ्याशा शेताले कर नाही. पोरीले सरळ देता येते." तिने अंगठा सोडवून घेतला आणि पदरात लपवला. "पोरीले घेऊन येईन. तवा देईन."

पुतण्याचा मुद्रांक वाया गेला. पुढच्या आठवड्यात मायलेकी आल्या. ते बक्षीसपत्र वहीत मी उतरवलं. माझ्या नोकरीत अक्षर इतकं चांगलं कधीच आलं नव्हतं.

साठ साली मुन्शीजींना लकवा झाला, उजवा हात गेला. आपलं दोन खोल्यांचं घर त्यांना विधवा सुनेच्या नावे करायचं होतं. आजारी माणसासाठी साहेब घरी जातात, तसे गेले. वह्या घेऊन मी बरोबर. बक्षीसपत्र मुन्शीजींनीच सुनेला सांगून लिहवून घेतलं होतं. त्यातला शब्द न् शब्द त्यांचा. अंगणातल्या सीताफळाच्या झाडासकट.

साहेबांनी शाईची डबी पुढे केली. मुन्शीजींनी डावा अंगठा उचलला, पण तो शाईकडे नेला नाही, माझ्याकडे केला.

"धरा, बाबू."

मी तो मुठीत धरला. साहेब घड्याळाकडे पाहत होते. मी पाहिलं नाही. सारं वाचलं, त्यांच्या आईला समजेल असं. त्यांनी जड जिभेने ते परत सांगितलं. झाड विसरले नाहीत. मग मी मूठ सोडली.

दिवाळीआधीच ते गेले. कडुनिंबाखाली आता दुसरी सतरंजी असते. मी अजून आतच बसतो. कधी अंगठ्यांच्या ठशांची जुनी वही काढावी लागते, तेव्हा त्यांच्या पानाशी मी थांबतो. लिहिण्यात आयुष्य गेलेल्या माणसाचा तिथे एकच ठसा आहे, डाव्या हाताचा, थोडा तिरपा. पण सगळं ऐकून दिलेला.