लाख्याचं डावं शिंग

पुसदपासून आत, डोंगराला लागून असलेल्या तांड्यावर भुरीबाई राठोड राहते. नवरा गेल्यावर दिराने वाटणीत खडकाळ तुकडा तिच्या माथी मारला, तेव्हापासून तिचा कोणाच्याच बोलण्यावर विश्वास बसत नाही. दुकानात सामान मोजताना ती आधी वाण्याला तराजूपासून हात मागे घ्यायला लावते. तरी तो खडकाळ तुकडा तिनं एकटीनं पिकता केला, लाख्या आणि मोत्या या बैलजोडीच्या जोरावर.

मागच्या हिवाळ्यात लाख्या मान वाकडी करून उभा राहू लागला. डावं शिंग खाली कललेलं, नाकातून घाण वासाचं लालसर पाणी. भुरीबाईचा संशय थेट बांधाशेजारच्या उत्तमसिंगवर गेला. दिवाळीच्या सुमाराला लाख्या त्याच्या तुरीत शिरला होता आणि त्यानं काठी उगारली होती. काठी बसली की नाही, हे तिनं पाहिलं नव्हतं. तांड्यावर सांगताना मात्र तिनं बसलीच म्हणून सांगितलं, आणि त्याच्याशी बोलणं टाकलं.

तालुक्याहून मैत्रेयी नावाची जनावरांची डॉक्टर आली. तिनं शिंगाचं मूळ दाबताच लाख्यानं मानेला हिसका दिला. शिंगाचा कॅन्सर आहे, मुळापासून काढावं लागेल, असं ती म्हणाली.

"शिंगाले कायचा कॅन्सर, बाई? नख कापलं तं दुखते का?"

"नखासारखं असतं ते वरचं टरफल. त्याला केराटिन म्हणतात, पुस्तकात शृंगद्रव्य. केस, नखं, खूर, सगळं त्याचंच. त्यात जीव नसतो. पण टरफलाच्या आत हाड असतं, जिवंत, रक्ताचं. रोग तिथं आहे."

भुरीबाईचा संशय उलट वाढला. एकाच वस्तूची दोन नावं सांगणारा माणूस फसवतो, हे ती बियाणंवाल्यांकडून शिकली होती. शिंगं बाजारात विकली जातात, हेही तिच्या कानावर होतं. कापलेलं शिंग मलेच पाहिजे, या अटीवर ती तयार झाली.

डॉक्टर गेल्यावर तिनं चुलीतल्या निखाऱ्यावर आधी आपला केस टाकला, मग नखाचा तुकडा, मग लाख्याच्या खुराची कपची. तिन्हींचा वास सारखाच. नाकाला पदर लावून ती बराच वेळ चुलीपुढे बसली. बाई निदान अर्धं तरी खरं बोलली होती.

शिंग काढायच्या दिवशी बैल धरायला माणसं जमली. उत्तमसिंग न बोलावता आला आणि त्यानं डोक्याकडचा कासरा धरला. भुरीबाईची नजर त्याच्या हातांवरून हलली नाही. शिंग निघालं. आत हाडाच्या जागी फुलकोबीसारखं सडकं मांस भरलेलं होतं. तिनं टरफल उन्हात धरून सगळीकडून फिरवून पाहिलं. कुठं चीर नाही, टवका नाही.

"काठीनं होते का हे?" तिनं सगळ्यांसमोर विचारलं.

एका फटक्यानं एवढं होत नाही, डॉक्टर म्हणाली. नेमकं कारण सांगता येत नाही. पण जू घासून किंवा पोळ्याला शिंगं साळून साळून होत असावं, असं म्हणतात. दर पोळ्याला काचेनं खरवडून लाख्याची शिंगं चमकवायची ती भुरीबाई स्वतःच.

कासरा गुंडाळत उत्तमसिंग हळूच म्हणाला, "भोजाई, म्या काठी उगारली होती. मारली नोयती."

"तुले म्या इचारलं का?" ती म्हणाली. माफी तिच्या तोंडून निघणारी नव्हती. दुसऱ्या दिवशी नळावर मात्र तिनं आपणहून बायांना सांगितलं, उत्तमसिंगनं बैलाले हातबी लावला नोयता.

जखम भरली. डॉक्टरनं लाख्याला पुन्हा जुंपायला हरकत नाही म्हणून सांगितलं, पण भुरीबाईनं जुंपलं नाही. उमरखेडला भाचीकडे गेली तेव्हा तिथल्या जनावरांच्या डॉक्टरला तिनं सगळं पहिल्यापासून विचारलं. त्यानंही तेच सांगितलं. घरी आल्यावर तिनं उजव्या शिंगाचं मूळ चारदा दाबून पाहिलं, आणि मग लाख्याच्या मानेवर जू ठेवलं.